जी परत गेली, तिचं काय झालं?

मिशनच्या फाटकाचा रंग पूर्वी निळा होता. आता कुठला आहे ते सांगता येत नाही. गंजाला कुणी रंग म्हणत नाही. मीनानं, म्हणजे माझ्या सुनेनं, स्कूटी फाटकाला टेकवून उभी केली आणि म्हणाली, "आत्या, दमानं उतरा. डावा पाय आधी."

"मला माझे पाय माहीत हायेत," मी म्हणाले. खरं तर माझ्या गुडघ्यांनी माझ्याशी बोलणं केव्हाच सोडलंय.

हट्ट्याहून, म्हणजे माझ्या सासरहून, निघालो तेव्हा दारात हळद शिजत होती. कढईवर ओली पोती टाकलेली, खाली हळदीच्याच वाळक्या पानांचा जाळ. सोडून यावी अशी ती वेळ नव्हे. पण कुरुंद्याच्या बाजारातून निरोप आला होता: मिशन बंद होतंय, आज दुपारी गाडी येणार, आणि शिष्टरला घेऊन जाणार. तिकडं समुद्राकाठी त्यांच्या म्हाताऱ्या बायांचं एक घर आहे, तिथं. मी हातसुद्धा धुतले नाहीत. धुऊन तरी काय जातं म्हणा, फाल्गुन-चैतात आमच्याकडच्या बायांचे हात कोपरापर्यंत पिवळेच असतात.

मला शिष्टरला एकच विचारायचं होतं. सतरा वर्षांची असल्यापासून विचारायचं होतं. एवढा जन्म मी उशीर केला, आणि आता आले तर तिची वाचा गेलेली. दिवाळीत अंगावरून वारं गेलं, तेव्हापासून ती बोलत नाही. माझं टायमिंग पहिल्यापासून असंच.

ती व्हरांड्यात खुर्चीवर होती. पांढरी साडी, पांढरे केस, तोंडाची उजवी बाजू जरा खाली आलेली, जशी ओल्या दोरीवरची चादर एका अंगाला लोंबते. तिच्यापाशी झारखंडकडची एक तरणी शिष्टर होती, पाणी पाजत. "दादी, सुनती सब हैं," ती मला म्हणाली. "बोलती नहीं."

मी समोरच्या पायरीवर बसले. बसले की उठायची भीती वाटते, म्हणून मी हल्ली कुठं बसत नाही. पण तिथं बसले. हे माझं माहेरचं गाव, या पायरीची झीज माझ्या ओळखीची आहे.

आवारात तेव्हा चार कडुनिंब होते, आता एक आहे. कोपऱ्यात पाण्याचा हौद होता, त्यात उन्हाळ्यात कावळे अंघोळ करायचे. दोन वासांवरून डोळे झाकून कळायचं की मिशन आलं. एक मेणबत्त्यांचा आणि डांबरगोळ्यांचा, पुस्तकांच्या खोलीतून येणारा. दुसरा सुकटीचा. शिष्टर वसईकडची. तिच्या घरून सुकटीचं गाठोडं आलं की आख्ख्या गावची कुत्री फाटकाशी जमायची आणि आमच्या बाया नाकाला पदर लावून म्हणायच्या, "बाई एवढी शिकलेली, अन् खाती काय तर किडे!"

ती खरंच शिकलेली होती. समुद्रापलीकडं जाऊन जुन्या, मेल्या भाषा शिकून आली होती, बायबल त्यातून वाचता यावं म्हणून. असल्या बाईला आमच्या ढेकळांत काहून धाडलं, का ती आपणहून आली, शिक्षा होती का हौस, आम्ही कधी विचारलं नाही. आमच्याकडं ज्याला त्याला ढेकळांतच यायचं असतं, त्यात विचारायचं काय?

माझा बाप, आबा, निजामाच्या शाळेत दोन बुकं शिकलेला. त्याला उर्दू वाचता यायचं आणि त्याचा त्याला भारी तोरा. एकदा मिशनची भिंत लिंपायला गेला आणि शिष्टरच्या टेबलावर उघडं पुस्तक बघितलं. उजवीकडून डावीकडं चाललेल्या ओळी. आबा हात पुसून पुढं झाला, चष्मा लावला, बराच वेळ ओठ हलवले. मग मोठ्या गंभीरपणानं म्हणाला, "शिष्टर, ही कोन्त्या गावची उर्दू हाय?"

शिष्टर हसली नाही. "फार जुन्या गावची आहे, आबा," ती म्हणाली. "तिथली माणसं गेली. मी मागे राहिलेलं वेचते."

आबा घरी येऊन सांगत सुटला, की मिशनची बाई सरवा वेचून राहिली.

सरवा म्हणजे काय ते आता सांगावं लागतं. मीनालासुद्धा सांगावं लागलं. पीक निघालं, मालकानं माल उचलला, की रानात जे चुकूनमाकून राहतं तो सरवा. तुटलेलं कणीस, बोंडातला चिकटलेला कापूस, मातीत राहिलेलं हळदीचं बोट. ज्यांना रान नाही त्या बायांनी तो वेचायचा आणि मालकानं बघितलं न बघितलं करायचं. आमची माय, शेजारची गोदामामी, मी, आणखी चार-दोघी, सगळ्यांनी हळदीचा सरवा वेचला आहे. मान खाली, खुरपं हातात, पाठीवर ऊन. मातीला तेव्हा वेगळाच वास असतो, कच्चा आणि कडवट, जिभेच्या मुळाशी जाऊन बसणारा. अजून हळद खणली की तो येतो. मी मात्र तीच राहिले नाही. वास थकत नाहीत, माणसं थकतात.

तर एक दिवस शिष्टर रानात आली. पांढरी साडी, पांढरे कॅनव्हासचे बूट. म्हणाली, मला पण वेचू द्या. आम्ही पदराचा ओचा करून त्यात हळद टाकायचो. तिची साडी जागोजागी पिनांनी टाचलेली, ओचा होईना. शेवटी ती मांडी घालून ढेकळातच बसली आणि वेचलेली हळद मांडीवर ठेवू लागली. संध्याकाळपर्यंत साडीची पुढची बाजू पिवळीजर्द.

गोदामामी अशी संधी सोडणारी नव्हे. "अगं बया, शिष्टरला हळद लागली गं! नवरदेव कुठला?"

"बाय, नवरदेव तर दहा वर्षांपूर्वी, देवाची शपथ घेतली तेव्हाच ठरला होता," शिष्टर म्हणाली. "हळदच राहिली होती."

काय हसल्या बाया! आणि दुसऱ्या दिवशी तर कहरच. या समुद्राकाठच्या विदुषीनं काय करावं, तर डागावर साबण घासला. हळदीवर साबण! डाग लालभडक झाला. तशीच ती रानात आली, तोंड कोवळ्या पोरीसारखं करून.

"घ्या," मामी म्हणाली, "हळद तर लागलीच, आता कुंकू बी लागलं."

मायनं तिला समजावलं, "साबन न्हाई लावायचा, शिष्टर. नुस्त्या पान्यानं धुवा अन् उन्हात टाका. ऊन खातं हळदीला. सावलीत ठिवली तर जलमभर ऱ्हाती."

मी त्या सगळ्यात कुठं होते? मी बूट बघत होते. सतरा वर्षांची, दोन वेण्या आणि अक्कल एकही नाही. मला तिचं बायबल नको होतं, देव नको होता. तो तर आमच्या घरात कुणालाच नको होता; आमच्याकडं फळीवर बुद्धाची मूर्ती होती आणि तिच्यापुढं आबाची विडीची पेटी. मला हवे होते ते पांढरे बूट. आणि हवं होतं ते, की त्या बाईला कुणी "आज कालवन काय केलं?" असं विचारत नव्हतं. आता त्या पोरीला दोन धपाटे घालावेसे वाटतात. पण तिचे पाय आठवतात. अनवाणी, भेगाळलेले, हळदीनं पिवळे. मग राहू देते.

दुपारच्या भाकरीला सगळ्या बांधावरच्या बाभळीखाली बसलो की शिष्टर गोष्ट सांगायची. तिच्या गोष्टीत गावाचं नाव नसायचं, माणसाचं नसायचं. "एक बाई होती," एवढंच. त्यामुळं आम्हाला वाटायचं, ही आखाडा बाळापूरकडचीच कुणाची तरी भानगड सांगून राहिली.

"एक सासू होती," तिनं त्या सुगीत सांगितलं. "दुष्काळात परमुलखात गेली. तिथं नवरा मेला, दोन्ही तरणे लेक मेले. राहिल्या दोन सुना, त्या मुलखातल्याच. सासू म्हणाली, मी माझ्या गावी चालले, तुम्ही आपापल्या माहेरी जा. दोघी रडल्या. एक परत गेली. दुसरी म्हणाली, मी येणारच. ती सासूच्या गावी आली आणि लोकांच्या रानात सरवा वेचू लागली."

हे ऐकून बाया सरसावून बसल्या. सरवा म्हणजे आमचाच विषय.

"काहून आली पन ती?" मामीनं विचारलं. "सासूकडं जमीन असंल."

"माहेरी भावजय खट असंल," दुसरी म्हणाली.

"सासू गुनाची असंल, असं कुनाच्याच तोंडात येईना बघा," माय म्हणाली, आणि सगळ्या पुन्हा हसल्या.

मी पुढं सरकून विचारलं, मग त्या आलेलीचं काय झालं? शिष्टर म्हणाली, "तिचं चांगलं झालं. तिच्यावर पुष्कळ लिहिलंय, तिला छान छान बोल दिलेत. मला ती दुसरी सतावते. जी परत गेली, तिचं काय झालं? ती रडली, सासूची पापी घेतली आणि वळली. त्यानंतर पुस्तकात तिचं एक अक्षर नाही. लोक म्हणतात, ती कच्ची निघाली. मी किती वर्षं तिच्याजवळ बसलेय."

"पन ती बोलतच न्हाई तर कळायचं कसं?" मी विचारलं.

"जिला बोल दिला नाही, तिच्या हातांकडे बघायचं, बाय. हात काहीतरी करतच असतात. तुम्ही सांगा, ती घरी पोचली तेव्हा काय झालं असेल?"

मायनं भाकरीचा तुकडा तसाच हातात धरला होता. माझी थोरली बहीण सासरहून परत आली होती आणि आमच्याच घरी वारली होती, हे तिथं सगळ्यांना माहीत होतं. शिष्टरलाही.

"काय होईल," माय म्हणाली. "मायनं आधी पानी दिलं असंल. मंग चुलीम्होरं बसवलं असंल. काहून आलीस, असं इचारलं नसंल."

शिष्टर बराच वेळ बाभळीच्या शेंगा चिवडत बसली. मग उठून मायच्या शेजारी येऊन बसली, एवढंच. त्या दिवशी गोष्ट पुढं गेली नाही.

तिची कुठलीच गोष्ट शेवटाला जात नसे. मामी करवादायची, तेव्हा ती म्हणायची, "त्यांच्या जुन्या कायद्यात होतं, शेत पार काठापर्यंत कापायचं नाही. कोपरा ठेवायचा, गरिबासाठी, परक्यासाठी. मला वाटतं वाचतानाही तसंच करावं. सगळा अर्थ आपणच घरी नेला तर मागून येणारीनं वेचायचं काय?"

"म्हंजे आमाला अर्धी गोष्ट ठिवायची," मामी म्हणाली. "मालकिणी अशाच असत्यात."

त्याच सुगीच्या शेवटी मला हट्ट्याचं स्थळ आलं. मुलगा गिरणीवर होता, अंगानं पिठाळ, स्वभावानं बरा. मी काय करावं? एका दुपारी गाठोडं बांधलं, त्यात एक लुगडं, फणी आणि कुणास ठाऊक का, पण लाटणं. आणि या पायरीवर येऊन बसले. लाटणं घेऊन जोगीण व्हायला निघालेली मी जगात एकटीच असेन.

"मला बी शिष्टर करा," मी म्हणाले.

तिनं मला खालून वर बघितलं. "तुला देव पाहिजे का माझे बूट?"

"बूट," मी म्हणाले. खोटं बोलायचं सुचलंच नाही.

ती इतकी हसली की आतून दुसऱ्या शिष्टर बाहेर आल्या. मग डोळे पुसून माझ्याजवळ पायरीवर टेकली. मी तेव्हा म्हणाले, "बूट ऱ्हाऊ द्या. मला तुमच्यासंग ती परत गेलेली हुडकायची हाय." हे मात्र मी बुटांसाठी म्हटलं नव्हतं. हे कुठून आलं मला माहीत नाही. आयुष्यात एकदाच मी असं काही बोलले, जे माझ्यापेक्षा मोठं होतं.

तिचं हसू थांबलं. मागनं आबा आलाच, धापा टाकत. "आमी एकडाव धर्म बदलला, शिष्टर, लई तकलिफीनं. आता ही पोरगी म्हनून राहिली पुन्हा बदलते. धर्म हाय का लुगडं?"

"तिला घरी न्या, आबा," शिष्टर म्हणाली. आणि मला म्हणाली, "मी हो म्हणत नाही आणि नाही म्हणत नाही. हा कोपरा राहू दे. पुढच्या सुगीला ये."

पुढच्या सुगीला मी हट्ट्यात हळद शिजवत होते, आणि थोरला पोटात होता. लग्नाला शिष्टर आली होती. मांडवाच्या कडेला बसून तिखट वरण खाल्लं आणि तिच्या डोळ्यांतून घळघळ पाणी वाहिलं. मामी म्हणाली, तिखट लागलं. मीही तेच म्हणाले. अजून तेच म्हणते.

मग वर्षं गेली. कशी गेली ते सांगण्यात अर्थ नाही. चक्की, लेकरं, कढई, पाऊस, कढई. हळद पॉलिशच्या पिंपात घालून फिरवतात तशी खडखड करत गेली, वरचं साल उडालं आणि आतलं उघडं पडलं. आबा गेला, माय गेली, गामा नावाचा आमचा बैल गेला, मामी तर हसता हसता गेली. गिरणीवाला गेला तेव्हा कित्येक दिवस घरातल्या कपड्यांतून पीठ झडत होतं. शिष्टर कधी बाजारात दिसायची, भोपळा बोटानं वाजवून बघताना. दुरून दुरून माणसं तिला भेटायला यायची, गाडीतून उतरून आमच्या धुळीत खोकायची. तिनं लिहिलेलं म्हणे तिकडं शिकवतात. एकदा तिला कुठल्या मोठ्या कॉलेजात बोलावून नेलं. दोन पावसाळे राहिली आणि परत आली. "काहून आली गं?" सगळ्या विचारायच्या. मामी तेव्हा होती. म्हणाली, "सरवा ऱ्हायला असंल."

बाजारात भेटलो की ती विचारायची, "बरी आहेस, बाय?" मी म्हणायची, बरी हाय. भोपळ्याचा भाव बोलायचो. जे विचारायचं ते दोघींच्या मधे त्या भोपळ्यासारखं पडून असायचं. मी नको होते म्हणून तिनं मला परत धाडलं, का हवी होते म्हणून? मी कच्ची होते का? आता हसू येतं. नातवंडं झालेली बाई, आणि मनात काय, तर मला घेतलं काहून न्हाई. शाळेतल्या पोरीसारखं. पण हसून ते जात नाही. मी हसून बघितलंय.

आता रानात सरवा नाही. ट्रॅक्टर खालून हळद उपटतो, मागं रोटाव्हेटर फिरतो. मातीत काही राहिलं तर मातीच खाते.

"आत्या, गाडी आली," मीना फाटकातून ओरडली.

पांढरी जीप धूळ घेऊन आत शिरली. पुस्तकांची खोकी आधीच गेली होती; खोलीचं दार उघडं, आत नुसत्या फळ्यांच्या खुणा. मी पायरीवरून उठले, कशी ते विचारू नका, आणि खुर्चीपाशी गेले. तिचा डावा हात धरला. तो चालता होता.

"शिष्टर, मी ती लाटनंवाली."

तिचे डोळे हलले. ओळख होती. तोंडाची बरी बाजू जरा वर गेली.

"पुढच्या सुगीला ये म्हनल्या व्हत्या. आलेय. जरा उशीर झाला." मग मी विचारलंच. "मी तुमाला नको व्हते का?"

तिनं तोंड उघडलं. आत काहीतरी फार दूरवरून चालत येत होतं आणि वाटेतच बसत होतं. नुसता श्वास आला. तिच्या डोळ्यांत पाणी जमलं आणि मला वाटलं, कशाला छळतेय मी या म्हातारीला. एवढी शिकलेली बाई, पुस्तकातल्या मुक्या बायांपाशी जन्मभर बसली, आणि शेवटी तीच त्यांच्या रांगेत.

"ऱ्हाऊ द्या," मी म्हणाले. "ऱ्हाऊ द्या कोपरा."

हात सोडला तेव्हा दिसलं. माझ्या घामानं ओल्या, पिवळ्या हातानं तिच्या मांडीवरच्या पदराला पंजाएवढा डाग लागला होता, जर्द, ताजा. तरणी शिष्टर धावली, "अरे दादी! रुको, साबुन लाती हूँ."

"साबन नको!" मी ओरडले. आणि त्या वाकड्या तोंडातून एक आवाज आला. घोगरा, तुटका, पण हसूच. तिला आठवलं होतं. त्या हसण्यात मामी होती, माय होती, बाभळ होती.

"नुस्तं उनात धर," मी त्या पोरीला सांगितलं. "ऊन खातं हळदीला. सावलीत ऱ्हाती, उनात समुद्र येईस्तोवर उडून जाईल." व्हरांड्याच्या कडेला ऊन आलंच होतं, तिच्या पायांपर्यंत. मी तो पदर उचलला आणि डाग वर करून उन्हात पसरला.

शिष्टर डागाकडं बघत राहिली. मग तिचा डावा हात निघाला, सावकाश, मांडीवरून गुडघ्याकडं, थांबत थांबत. बोटांनी पदराची कड धरली. माझी नजर त्या हातावरून हलेना.

तिनं पदर ओढला आणि सावलीत आणला. डाग आत गेला तशी घडी घातली आणि वर हात ठेवला.